फुकटचं गहाण

माणकचंद शेठनं स्वतःचं राहतं घर गहाण टाकलं, तेव्हा आमची गल्ली आठ दिवस हसत होती. हसणार नाही तर काय हो? शेठ दुसऱ्याचं घर गहाण ठेवून घेतो, हे आम्ही जन्मापासून बघितलेलं. इथं सगळंच उलटं. दोंडाईच्याकडचा एक मिरचीवाला पाटील, लोटन आबा, पोरांना शाळेत घालायचं म्हणून कमरेला पैसे बांधून धुळ्यात आला आणि शेठच्या घरात राहायला लागला. आणि शेठ हातगाडीवर सामान घालून बायको-पोरासकट समोर आला, माझ्या खोलीत, भाड्यानं.

मी मंजुळाबाई. नवरा गेला तेव्हा पाच खोल्यांची चाळ मागं ठेवून गेला, तिच्या भाड्यावर माझी चूल पेटते. त्यामुळे भाडं घेतलं म्हणून मला कोणी नावं ठेवू नयेत. मी काय धर्मशाळा काढलेली नाही.

गोष्ट एकसष्ट सालची. शेठचे कापसात हात पोळले होते. सहा हजार रुपये पाहिजे होते आणि लगेच पाहिजे होते. त्यांच्या भाऊबंदात रुपया शेकड्यानं कोणीही दिले असते. पण शेठचा ताठा असा, की म्हणाले, "आमच्या घराण्यात व्याज घेतात, देत नाहीत." मग त्यांनी हे ताबेगहाण काढलं. म्हणजे असं, की लोटन आबानं सहा हजार द्यायचे आणि घरात राहायचं. शेठनं सहा हजार परत केले की आबानं घर सोडायचं. तोवर पैशाला व्याज नाही आणि घराला भाडं नाही.

माझ्या ओट्यावर बसून शेठनं हे मला समजावलं, असं काही खुशीत की जणू लॉटरी लागली. "मंजुळाबाई, फुकटचा पैसा आहे हा. जगात असा पैसा कोणी देत नाही."

"फुकट कसा?" मी म्हटलं. "माझे महिन्याला पस्तीस रुपये कोण देणार? तुमचा लोटन आबा?"

शेठ हसले. "अहो, ते भाडं झालं. भाडं वेगळं, व्याज वेगळं."

मला वाटलं, असेल बाई. आपल्याला काय कळतं धंद्यातलं.

त्यांची बायको हीराबाई. खरं घर तिचं. सहाच वर्षांपूर्वी तिच्या अंगावरचं सोनं मोडून ते बांधलं होतं. वीट न् वीट तिनं उभं राहून लावून घेतली होती. गवंड्यानं तर कंटाळून एकदा थापीच फेकली होती. स्वयंपाकघरात माठासाठी दगडी ओटा, त्याच्या शेजारी बरोबर तिच्या हाताला येईल असा कोनाडा. त्या कोनाड्यात काडेपेटी आणि पाणी गाळायचं फडकं. मला दहा वेळा दाखवून झालं होतं तिचं. "अंधारात हात घातला तरी सापडतं, मंजुळा," असं म्हणायची.

माझ्या खोलीत आली तेव्हा रडलीबिडली नाही. म्हणाली, "एक वर्ष. फार तर दोन." मोठी पितळी भांडी पोत्यांत शिवून आणली होती, ती तशीच कोपऱ्यात ठेवली. मी म्हटलं, "अगं, सोड की पोती." तर म्हणते, "कशाला? परत शिवायचा ताप."

दोन वर्षांत शेठनं पैसे उभे केले. खरंच केले. त्या माणसाला मी आळशी म्हणणार नाही. सकाळी हीराबाई माझ्याकडे आली ती हसतच आली, हातात गुळाचा खडा. "आज जातात आबाकडे. सहा हजार मोजून ठेवलेत पेटीत." मी त्या गुळाचा चहा केला.

संध्याकाळी शेठ तसेच परत आले. आबाकडे गेलेच नव्हते. मी तोंडावर विचारलं, हीराबाई विचारणार नाही हे मला माहीत होतं.

"हे बघा," शेठ म्हणाले, "गोष्ट साधी आहे. आबाच्या पैशाला व्याज नाही. मग तो फेडायची घाई कशाला? हेच सहा हजार दीड रुपया शेकड्यानं फिरवले तर महिन्याला नव्वद सुटतात. तुमचे पस्तीस देऊन वर पंचावन्न उरतात. फुकटचं कर्ज कोणी शहाणा माणूस फेडतो का?"

"आणि हिला घरी जायचंय, त्याचं काय?"

"घर कुठं पळून चाललंय? समोर तर आहे."

हिशोबात चूक काढायची माझी काय ताकद? चूक नव्हतीच. रोज दुकानात बसून त्या माणसानं पैशाला एकच गोष्ट विचारायची सवय लावून घेतली होती, तू महिन्याला किती आणशील? आणि घर काही आणत नव्हतं. मला इतका राग आला, की त्यांच्या पोराला चहा दिला आणि त्यांना दिला नाही.

त्या दिवसापासून हीराबाई भाजी निवडायला ओट्यावर बसायची ती घराकडे तोंड करून. आबाची पोरं जिन्यावरून धडाधडा उतरली की हिच्या हातातली मेथी तशीच राहायची.

मग ते तसंच चालू झालं. दोन-तीन वर्षांनी पैसे जमायचे. हीराबाईच्या चेहऱ्यावर थोडी कळा यायची. आणि शेठ ते कोणाला तरी व्याजानं देऊन मोकळे व्हायचे. व्याज भरावं लागलं असतं ना, तर दर महिन्याला टोचलं असतं, माणूस कसंही करून सुटला असता. हे टोचतच नव्हतं. त्यांना टोचत नव्हतं, म्हणते मी. मीही भाडं वाढवत गेले, पस्तीसाचं पन्नास, पन्नासाचं सत्तर. महागाई मला एकटीला सोडून बाकीच्यांना होती की काय?

लोटन आबा माणूस वाईट नव्हता. तसा असता तर बरं झालं असतं, शिव्या तरी घालता आल्या असत्या. भेटला की हात जोडायचा. "शेठ, घर तुमनंच शे. मी त राखणदार शे." पण राखणदाराची सहा पोरं, वर मिरचीची पोती. त्यानं जिना फिरवून घेतला, पावसाचं पाणी येतं म्हणून उंबरठा वर उचलला. प्रत्येक वेळी येऊन सांगून जायचा. शेठ मान हलवायचे, "करा, करा, खर्च तुमचाच."

पोराचं, दीपचंदचं लग्न झालं ते साल सत्तर. वरात गल्लीत शिरली आणि बँडवाला जुना, त्याचे पाय आपोआप जुन्या घराशी थांबले. सगळी वरात तिथंच थांबली. आत आबाची बायको शेवंताबाई, भली बाई, तिला काय वाटलं कोण जाणे, आतून तांदळाचं माप भरून आणलं आणि उंबऱ्यावर ठेवलं. "हीराअक्का, आठेच, याच उंबऱ्यावर माप ओलांडू द्या नवरीले. घर तुमनंच शे."

नवरी पाय उचलून उभी.

हीराबाई म्हणाली, "नको गं बाई. तिला उद्या परत बाहेर काढावं लागेल."

शेठ जवळच होते. त्यांनी ऐकलं. पागोटं नीट केलं आणि बँडवाल्यावर खेकसले, "पुढं चल की रे, इथं काय आहे?" नवरी माझ्या खोलीत आली, त्या शिवलेल्या पोत्यांना वळसा घालून.

त्याच्या पुढच्या वर्षी हीराबाई तांदूळ निवडायला मला देऊ लागली. खडे दिसेनात म्हणाली. मला वाटलं मोतीबिंदू, सगळ्यांनाच होतो. डॉक्टरनं सांगितलं काचबिंदू. गेली ती नजर गेली, राहिलेलीही हळूहळू जाणार.

त्या रात्री, लग्नाला इतकी वर्षं झाली, तिनं पहिल्यांदा नवऱ्याकडे काही मागितलं. भिंत पातळ, मला ऐकू आलं. "मला काही नको. नजर आहे तोवर एकदा घरात न्या. एकदा सगळं बघून ठेवते, मग गेली तरी चालेल. मला तिथं हातानं कळेल सगळं."

"या दिवाळीला," शेठ म्हणाले. आणि या वेळी ते खरं बोलत होते, हेही सांगते. त्यांनी दिलेला पैसा गोळा करायला सुरुवात केली.

पण पैसा होता खेड्यापाड्यांत. आणि वर आला दुष्काळ. एकाहत्तर गेलं कोरडं, बहात्तर तर विचारूच नका. लोक खडी फोडायला जात होते, व्याज कुठलं देतात? शेठ शिंदखेड्याकडं गावोगाव फिरले, चपला झिजवल्या. एकानं तर गोठ्यात नेऊन रिकामी दावण दाखवली. शेठ परत आले आणि ओट्यावर बसून राहिले. दिवाळी आली, गेली. अशा तीन दिवाळ्या गेल्या. पहिल्या दिवाळीला हीराबाईला समोरच्या घरातले दिवे दिसत होते. दुसरीला नुसता उजेड आहे एवढं कळत होतं. तिसरीला तिनं मला विचारलं, "लावलेत का गं दिवे त्यांनी?"

शेवटी पंच्याहत्तर साली दीपचंदनं आपली पुंजी काढली, शेठनं दुकानाचा निम्मा भाग विकला. आबाला सहा हजार दिले, वर डागडुजीच्या खर्चातले आबानं निम्मेच मागितले, तेही दिले. त्या संध्याकाळी शेठ माझ्या ओट्यावर आले. एकदम म्हणाले, "मंजुळाबाई, आजवर मी तुम्हाला भाडं किती दिलं असेल?"

मी काय सांगणार? त्यांचं त्यांनीच केलं, ओठ हलवत, तोंडातल्या तोंडात. मग ओठ थांबले.

"नऊ हजारांच्या आसपास. फुकटच्या सहा हजारांना नऊ हजार. आणि ते सहा वेगळेच."

"आणि हिचे डोळे?" माझ्या तोंडून निघून गेलं. "ते कुठं मांडलेत, शेठ?"

मला वाटलं, चिडतील. उपरण्यानं तोंड पुसलं आणि तसंच धरून ठेवलं तोंडावर, बराच वेळ. मला मेलीला मग फार वाईट वाटलं. पण बोललेलं परत घेतलं नाही.

घरी जायच्या दिवशी हीराबाईनं ठेवणीतलं लुगडं नेसलं. दीपचंद हात धरायला गेला तर झटकला. "माझं घर आहे. मला हात नको." पितळी भांड्यांची पोती पुढं गेली, मागून ही. रस्ता ओलांडला, पायरी चढली आणि उंबऱ्याला अडखळून हातावर पडली. तो वर उचललेला उंबरठा तिच्या पायांना कुठं माहीत होता?

उठली, हसली. "राहू दे, राहू दे." आत गेली. घरभर मिरचीचा खाट, भिंतींत मुरलेला. ती शिंकतच स्वयंपाकघराकडे गेली. म्हणजे जिथं स्वयंपाकघर होतं तिथं. आबानं ती खोली पोत्यांसाठी केली होती, चूल मागच्या अंगाला नेली होती. तिनं हात पुढं केला, कोनाड्यासाठी. हाताला सपाट भिंत लागली. जरा वर चाचपलं, जरा खाली, मग बाजूला. आम्ही सगळे बघत होतो.

"दीपचंद, कोनाडा कुठं आहे रे?"

"बुजवलाय, आई."

"बरं," म्हणाली. हात मात्र भिंतीवरून लवकर काढला नाही.

आठवडाभर राहिली. पाण्याला सुनेला हाक मारायची, मोरीला जायला सुनेला हाक मारायची. एकदा एकटीनं चूल शोधायला गेली आणि मनगट भाजून घेतलं. मग एका जागी बसून राहायला लागली, पाहुणी आल्यासारखी.

एके दिवशी दुपारी मी ओट्यावर डाळ वाळत घालत होते. बघते तर ही एकटी रस्ता ओलांडून येतेय, हात पुढं धरून. मी ओरडले, "अगं बाई, टांगा येतोय!" टांगेवाल्यानं शिव्या हासडल्या. ही थांबली, पुन्हा चालू लागली. माझ्या पायऱ्या न अडखळता चढली. खोली अजून रिकामीच होती, आत गेली. खिळ्यावर हात गेला, जिथं तिचा पंचा असायचा. खिडकीची कडी एका हातात सापडली. माठाची जागा, चुलीची जागा, भिंतीचा तो पोपडा उडालेला भाग, सगळ्यांवरून हात फिरवला आणि खाली बसली.

"मंजुळा, खोली दिलीस का गं कोणाला?"

"नाही अजून."

"देऊ नको."

मी तिच्यावर ओरडलेच. "वेडी का खुळी तू! चौदा वर्षं त्या घराकडे तोंड करून बसलीस, माझी सगळी मेथी वाया घालवलीस, आणि आता ते मिळालं तर..." आणि मलाच रडू आलं.

तिनं माझा हात शोधून धरला. "मला ते डोळ्यांनी पाठ होतं गं. हे हातांनी झालं. काय करू?"

आता ती इथंच असते. दीपचंद, सून, नातवंडं समोर. सून दोन वेळा ताट घेऊन येते, दिवस मावळायच्या आत. शेठही तिकडंच झोपतात, पण दुकान बंद केलं की आधी इथं येतात, तिच्याजवळ बसतात. दोघं बोलत नाहीत फारसं. पितळी भांड्यांची पोती अजून कोणी सोडली नाहीत, समोर माडीवर पडून आहेत.

पहिल्या एक तारखेला शेठ आले आणि सत्तर रुपये माझ्यापुढं ठेवले. मी हात लावला नाही. म्हटलं, "राहू द्या, शेठ. स्वतःचं घर असून भाडं कशाला भरता? ती काही मला जड नाही."

शेठनं नोटा पुन्हा माझ्याकडे सरकवल्या.

"घ्या, मंजुळाबाई," म्हणाले, "भाडं नाही हे. व्याज आहे."

मी घेतले.