सरांना नारळ

लुसियाच्या वडिलांना एकोणीस वेळा कामावरून काढलं होतं, आणि आपण किती किल्ले चढलो हे आमचे लोक ज्या थाटात सांगतात, त्याच थाटात ते हे सांगत.

लुसिया माझी नेदरलँड्समधल्या नायमेखनच्या ऑफिसातली मैत्रीण. चिप टेस्टिंगला आमची टेबलं शेजारीशेजारी. मूळची उरुग्वेची. आई गेल्यावर तिनं वडिलांना इकडे आणलं. एव्हारिस्तो त्यांचं नाव, वय एकाहत्तर, धंदा फुटबॉल मॅनेजरचा. पेपरात फोटो येणाऱ्यांपैकी नव्हेत. बोलिव्हिया, इक्वेडोर, पॅराग्वे, चिली, पेरू, जिथे एखादा छोटा क्लब गटांगळ्या खात असेल तिथून त्यांना बोलावणं यायचं. जेमतेम चार महिने जायचे आणि हकालपट्टी व्हायची. इक्वेडोरमध्ये त्यांना हाफटाइमलाच काढलं. पॅराग्वेत दातांच्या डॉक्टरच्या खुर्चीत असताना फोन आला, तोंड उघडं असल्यामुळे चार शब्द सुनावताही आले नाहीत. पेरूत तर तीन-शून्यनं जिंकल्यावर नोकरी गेली, कारण क्लबच्या अध्यक्षांच्या भाच्याला बाकावर बसवलं होतं.

"एकतीस वर्षं," ते मला म्हणाले, "पण एकही हंगाम पुरा केला नाही. मधूनच जायचं, मधूनच निघायचं. एक हंगाम पहिल्या सामन्यापासून शेवटच्या शिट्टीपर्यंत करायचा होता. राहूनच गेलं."

हे मात्र त्यांनी हसत सांगितलं नाही. आणि मला असलं ऐकवत नाही. कुणाचं काही राहिलं असं कानावर पडलं की मी लगेच यादी करायला घेते, हा माझा दोष आहे. त्यात आमच्या मराठी मंडळाचा फुटबॉल संघ त्या वर्षी गावातल्या हौशी लीगमध्ये उतरणार होता आणि त्याची सेक्रेटरी मीच होते. सात-सात जणांचे सामने, एप्रिल ते जून, एकूण सात रविवार. मी एव्हारिस्तोंना विचारलं. त्यांनी एकच प्रश्न केला, "सातही सामने?" मी म्हटलं, सातही.

दक्षिण अमेरिकेत खेळाडू मॅनेजरला 'प्रोफे', म्हणजे मास्तर, म्हणतात. आमच्या लोकांनी त्याचं दोन दिवसांत 'सर' करून टाकलं.

आमच्या संघाबद्दल काय सांगू. मैदानावर सात जण आणि सातही जण अध्यक्ष. माझा नवरा गुरुनाथ गोलकीपर. बॉल त्याच्याकडे येत असताना तो बचाव करणाऱ्यांना त्यांनी कुठे उभं राहायला हवं होतं ते समजावून सांगत असतो. पहिले दोन सामने हरल्यावर सरांनी त्याला बाकावर बसवलं आणि जयेश नावाच्या डेल्फ्टहून आलेल्या अबोल पोराला गोलमध्ये उभं केलं. तिसरा सामना आम्ही जिंकलो. गुरुनाथ त्या रात्री वरणभात न बोलता जेवला.

सरांना शब्द गोळा करायची खोड होती, आणि तेही एकाच विषयाचे. सरावानंतर कॅन्टीनमध्ये कॉफी पिताना त्यांनी मला विचारलं, "चिलीत काढून टाकताना म्हणतात, निळं पाकीट दिलं. ब्वेनोस आइरेसला म्हणतात, ऑलिव्हचं झाड दिलं. तुमच्याकडे काय देतात?"

"नारळ," मी म्हटलं.

"खराखुरा?"

"नाही हो. नुसतं म्हणायचं. अमक्याला नारळ दिला."

त्यांनी मला तो शब्द तीनदा म्हणायला लावला. 'ळ' काही त्यांना जमला नाही, पण शब्द फार आवडला. पुढे गुरुनाथ दिसला की ते बोट दाखवून "नारल" म्हणायचे आणि स्वतःच हसायचे. गुरुनाथ हसायचा नाही.

चौथा सामना बरोबरीत सुटला, पाचवा हरलो, सहावा पाच-एकनं हरलो. आणि त्या सहाव्या सामन्यानंतर आमचे शिरीषकाका उभे राहिले.

शिरीषकाका मंडळाचे अध्यक्ष. सत्कार हा त्यांचा वीक पॉइंट. वाखनिंगनच्या शेतकी विद्यापीठातून कुणी गव्हावर दोन शब्द बोलायला आला तरी त्याला शाल-श्रीफळ दिल्याशिवाय ते सोडत नाहीत. हंगामाच्या शेवटी सरांचा सत्कार करायचा हे ठरलेलंच होतं, पण काकांना त्याच आठवड्यात महिनाभरासाठी पुण्याला जायचं होतं, आणि आपल्या गैरहजेरीत दुसऱ्या कुणाच्या हातून शाल जावी हे त्यांना सोसणारं नव्हतं. म्हणून सत्कार एक सामना आधीच उरकायचा. मला त्यांनी आदल्या दिवशी टोकोतून, म्हणजे इथल्या आशियाई वाणसामानाच्या दुकानातून, नारळ आणायला सांगितलं. मी आणला. आणताना माझ्या डोक्यात काही म्हणजे काही आलं नाही. सत्कारात ते श्रीफळ असतं, नोकरी जाताना नारळ असतो. फळ एकच आहे हे मराठी माणसाच्या लक्षातच येत नाही.

पाच गोल खाऊन आलेली मंडळी कॅन्टीनमध्ये माना खाली घालून बसली होती. काका अकरा मिनिटं मराठीत बोलले, कारण मंडळाचा कार्यक्रम मराठीतच झाला पाहिजे. मग त्यांनी सरांच्या खांद्यावर शाल घातली आणि हातात नारळ ठेवला.

सरांनी नारळाकडे बघितलं. मग माझ्याकडे बघितलं. मी हसून मान डोलावली.

ते ताठ उभे राहिले. एकेका खेळाडूशी हात मिळवला, गुरुनाथशीसुद्धा. गळ्यातली शिट्टी काढून माझ्या हातावर ठेवली आणि इंग्रजीत म्हणाले, "संधी दिलीत, आभारी आहे." आम्हाला वाटलं, काय विनम्र माणूस आहे. आम्ही जोरात टाळ्या वाजवल्या. गुरुनाथनं तर तोंडात बोटं घालून शीळ घातली. सर शाल पांघरून, नारळ काखेत घेऊन बाहेर पडले, आणि मला वाटलं की शिट्टी त्यांनी आठवण म्हणून दिली.

मंगळवारी ते सरावाला आले नाहीत. बुधवारी लुसिया ऑफिसात माझ्याशी बोलेना. कॉफी मशीनपाशी मी तिला गाठलं तेव्हा म्हणाली, "बाबा म्हणतात तुझ्यावर रागवायचं नाही. म्हणतात, एकोणीस क्लबांनी काढलं, पण टाळ्या वाजवून कुणी काढलं नव्हतं. शिवाय गार वारा म्हणून शाल पण दिली."

हंगाम पुरा करून देते असं सांगून मी ह्या माणसाला आणलं होतं, एकच सामना उरला होता, आणि नारळ स्वतःच्या हातानं निवडून, हलवून, पाणी आहे ना बघून आणला होता. जेवणाच्या सुट्टीत सायकल काढली आणि वाल नदीवरचा पूल ओलांडून लेंटला त्यांच्या घरी गेले. तोंडावर वारा, आणि मी सबंध पूलभर स्वतःला शिव्या घालत होते.

सर स्वयंपाकघरात बसले होते. नारळ टेबलावर तसाच होता.

मी धापा टाकत सगळं सांगितलं. सत्कार म्हणजे काय, काका म्हणजे काय, पुण्याचं तिकीट, सगळं. त्यांनी शांतपणे ऐकून घेतलं.

"म्हणजे मान द्यायचा तरी नारळ आणि हाकलायचं तरी नारळ."

"हो."

"मग माणसानं ओळखायचं कसं?"

ह्याचा विचार माझ्या खापरपणजोबांनीही केला नसेल. "शालीवरून," मी म्हटलं. "शाल असली तर सत्कार. नुसता नारळ असला तर घरी."

त्यांनी नारळ टेबलावर एकदा गोल फिरवला. मग म्हणाले, "मृदुला, खरं सांग. मला काढा असं एकही जण म्हणाला नाही? सहा सामन्यांत एकच जिंकलोय."

मला खोटं बोलता आलं असतं, आणि खरं तर बोलायलाच हवं होतं. पण आधीच एक घोळ घातला होता. "तिघे म्हणाले. रविवारी रात्री व्हॉट्सॲपवर. त्यातला एक माझा नवरा."

"तिघेच?" सरांचा चेहरा खुलला. "कोच बदला असं कुणीच म्हणत नसेल, तर त्या संघाला जिंकायची हौस नाही असं समजायचं. तुझ्या नवऱ्याला सांग, रविवारी गोलमध्ये तो उभा राहील. पण तोंड बंद ठेवून."

मी शिट्टी त्यांच्यासमोर ठेवली. त्यांनी ती लगेच गळ्यात घातली.

शेवटचा सामना आम्ही तीन-दोननं हरलो. जिंकलो असतो तर गोष्ट छान झाली असती, पण गुरुनाथ शेवटच्या पाच मिनिटांत न राहवून बोललाच. तरी त्यानं त्याआधी चार गोल अडवले होते, आणि आमची लेक ईशानी, जी बाबाची मॅच म्हटलं की डचमध्ये कंटाळा कंटाळा करते, ती कुंपणावर चढून ओरडत होती.

रेफ्रीनं शेवटची शिट्टी दिली. समोरचा संघ मिठ्या मारायला लागला, आमचे लोक गवतावर आडवे झाले. सर रेषेपाशी होते तिथेच उभे, हात खिशात. मला वाटलं हरल्याचं वाईट वाटतंय. जवळ गेले.

"आता काय करायचं असतं?" त्यांनी विचारलं.

"म्हणजे?"

"हंगाम संपल्यावर. मॅनेजर काय करतो? मी इथवर कधी आलोच नाही."

मला रडू आलं, लपवत नाही. एकाहत्तर वर्षांचा माणूस खरोखरच्या उत्तराची वाट बघत माझ्याकडे पाहत होता.

"काही नाही सर," मी म्हटलं. "आता सुट्टी लागते. एप्रिलमध्ये परत यायचं."

"सुट्टी," ते म्हणाले. तो शब्द त्यांनी मला आणखी दोनदा म्हणायला लावला. इतकी वर्षं ते घरी बसले होते ते काम गेलं म्हणून, सुट्टीवर कधी गेलेच नव्हते.