मी बंद पडलो नव्हतो

मी थियाचा कॅमेरा. जन्म कारखान्यातला, पण जग पाहिलं ते तिच्या हातातून. ती माहितीपट करते. कड्यांवरून, बर्फावरून, धबधब्यांवरून झेपावणाऱ्या माणसांचे. तिच्यासोबत मी गारठलो, वाळू खाल्ली, दोरीला लटकलो. माझ्यासमोर आलं की माणसं छाती फुगवतात, हे मला लवकरच कळलं.

अमेरिकेतल्या वॉशिंग्टन राज्याच्या डोंगरातली ती सकाळ मात्र मी विसरत नाही. बर्फ वितळून नदी फुगली होती. थियाचा कॉलेजपासूनचा मित्र कॉर्बिन आपल्या कयाकमधून, म्हणजे एका माणसाच्या चिंचोळ्या होडीतून, धबधब्यावरून खाली झेपावणार होता. हाच आमच्या माहितीपटाचा शेवट. आम्ही समोरच्या खडकावर होतो.

"चालू आहे ना गं?" वॉकीटॉकीवर त्याचा आवाज आला.

"आहे. पण पाणी कालच्यापेक्षा वाढलंय रे."

"म्हातारी झालीस तू! बघ नुसती."

मी त्याचा चेहरा जवळ आणला. तो हसत होता, पण वल्ह्यावरची बोटं थरथरत होती. हेल्मेटचा पट्टा तो पुन्हा पुन्हा चाचपत होता. थियाचा श्वास माझ्या पाठीवर थांबला.

तिने कळ दाबली. माझा लाल दिवा विझला. कान मात्र जागे होते.

"कॉर्बिन, कॅमेरा बंद पडला."

साफ खोटं! मी ठणठणीत होतो.

"नीट कर ना मग!"

"होत नाहीये. तुला जायचं तर जा. खाली बचावासाठी दोर घेऊन माणसं उभी आहेत. फक्त चित्रीकरण होणार नाही."

जाईल का तो?

"मग उडी मारू कोणासाठी?" तो पुटपुटला, आणि कयाक काठाला घासल्याचा आवाज आला.

गाडीपाशी आल्यावर त्याने मला उचलून कळ दाबली. मी लगेच सुरू झालो, इलाजच नव्हता. त्याने माझ्याकडे पाहिलं, मग थियाकडे.

"लबाड आहेस."

"आहे."

त्याने मला बंद केलं. "सँडविच उरलंय का? भूक लागलीय."

माहितीपट उडीशिवायच संपला. निर्माता चिडला, बक्षीसही हुकलं. आता थियाकडे नवा कॅमेरा आहे. मी ओरखडलेल्या भिंगानिशी फळीवर असतो. मला हाती घेणाऱ्यांनो, समोरच्याच्या बोटांकडेही बघत जा.

परवा कॉर्बिन आला होता. मला स्वयंपाकघरातल्या थियावर रोखून म्हणाला, "चल, आता तू मार उडी!"

"वेडा कुठला," म्हणत तिने माझ्या भिंगावर हात ठेवला. हात पिठाचा होता.