भांडण नसताना वेगळी चूल

धनाजीला वेगळं मी काढलं, मोनिकानं नाही, हे सांगता सांगता माझा घसा बसला. पण गावाला ते पटायचं नाव नाही. आमच्या भागात वेगळं निघायचा हट्ट सून धरते, सासू डोळ्याला पदर लावते आणि भावकी मधे पडते. सासूनंच पिठाचा डबा भरून पोराच्या गाडीवर ठेवायचा आणि 'शेतातल्या खोलीवर जा' म्हणायचं, हे कुणी पाहिलेलं नव्हतं. तेव्हा घरात काहीतरी मोठं झालंय आणि मास्तरीणबाई ते झाकतायत, असं सगळ्यांनी ठरवून टाकलं. दळण घेऊन गेले की गिरणीवाला चालू गिरणी बंद करून विचारायचा, की आता कसं आहे?

पंधरा दिवसांनी लोहाऱ्याहून व्याही आले. एसटीनं, दोन जाणती माणसं सोबत घेऊन. पोरगी कुठं चुकली ते कळल्याशिवाय चहाला हात लावणार नाही म्हणाले. मी सांगितलं, कुठंच चुकली नाही. मग तिला पत्र्याखाली का धाडली? आता लेकाला-सुनेला लेकरू व्हावं म्हणून त्यांना घराबाहेर काढलंय, हे व्याह्यांना कुठल्या तोंडानं सांगायचं? मी म्हणाले, तिकडं हवा चांगली आहे. तिघांनी एकमेकांकडं पाहिलं. चहा निवून गेला.

खरं कारण मात्र तेच होतं. लग्नाला पाच वर्षं झाली तरी पाळणा हलला नव्हता. भूमच्या डॉक्टरीणबाईंनी तपासून सांगितलेलं, दोघांतही काही खोट नाही. खोट होती ती धनाजीच्या डोक्यात. आधी पोलीस भरती होऊ दे म्हणाला, मग नोकरी लागू दे, मग नोकरी कायम होऊ दे. मोनिका एकदा मेथी निवडता निवडता म्हणाली, "मला हवंय हो आत्या. पण ह्यांचं 'आत्ता नको' संपतच नाही." एवढं बोलली आणि निवडून झालेली मेथी पुन्हा निवडायला लागली. तेव्हापासून माझ्या जिवाला घोर.

माझ्या डोक्यात उजेड पडला तो धुळाप्पाच्या वस्तीवर. धुळाप्पाची वस्ती आमच्या शेताला लागून आहे. माणूस मेंढरांमागं फिरणारा. त्याचा शिवानंद पालातच जन्मला, पालातच रांगला. आज शिवानंद आणि आमचा धनाजी दोघंही पठारावरच्या पवनचक्क्यांवर राखणीला आहेत. कंत्राटदार एक, वर्दी एक, पगार रुपयाला रुपया सारखा. तर शिवानंदच्या दुसऱ्या मुलीचं बारसं होतं. गडी नुसता फुलला होता. आल्यागेल्याला हात धरून दाखवत होता, खोल्यांत कोबा केला, पंखा लावला, थोरलीला बूट आणले. त्या एका पंख्याखाली त्यानं सगळं गाव उभं केलं.

परत येताना धनाजी म्हणाला, ह्या शिवानंदला काही अक्कल आहे का? एवढ्याशा पगारात दुसरं पोर?

मी म्हणाले, "तुझा पगार तेवढाच आहे. तुला पहिलंसुद्धा नाही."

"त्याचं निराळं आहे आई," तो म्हणाला. "तो त्याच्या पोरींना जे देतोय ते त्याला कधी मिळालंच नव्हतं. मला जे मिळालं त्याच्या निम्मंसुद्धा मी माझ्या पोराला देऊ शकत नाही."

मोनिका पुढं चालत होती. तिनं ऐकलं आणि चाल वाढवली. मला काही उत्तर सुचलं नाही, आणि उत्तर सुचलं नाही की मला राग येतो.

रागारागानं घरी येऊन भाकरी थापल्या, तेव्हा थोडं थोडं कळत गेलं. आमचे मास्तर नोकरीला लागले त्या साली मोठी भरती झाली होती. सगळे नवे मास्तर शिळ्या भाकरीवर वाढलेले, एका चड्डीवर शाळा शिकलेले. पहिला पगार हातात पडला आणि एकेकाला निजाम झाल्यासारखं वाटलं. मग काय, दोन-तीन वर्षांत ज्याच्या त्याच्या घरी पाळणा. आम्हालाही दोन मुली आणि हा धनाजी झाला तो काही हिशोब करून नाही. त्या सगळ्या पोरांना आम्ही सायकली दिल्या, लातूरला क्लास लावले. आणि मग ती एका वयाची पोरं एकाच मैदानावर पोलीस भरतीला पळाली. मैदान तेवढंच, पळणारे गाडाभर. पाच-दहा लागले, बाकीचे माघारी आले ते बापाच्या घरची सवय घेऊन.

त्यात धनाजी राहायचा आमच्याकडं. कूलर मास्तरांचा, किराणा मास्तरांच्या पेन्शनीचा. ज्या घरात त्याच्या पगारानं मीठसुद्धा येत नाही, तिथं तो पगार त्याला मोठा दिसावा कसा? म्हटलं, ह्याला अशा जागी ठेवू जिथं चूल पेटते ती ह्याच्याच पैशानं. आणि मास्तरांच्या ताटापासून लांब.

आधी मोनिकाला विचारलं. ती हसली, मग गंभीर झाली. गाव म्हणेल तुम्ही मला हाकललं, म्हणाली. म्हणू दे, मी म्हणाले. माझे वडील येतील. येऊ देत. थोडा विचार करून ती म्हणाली, "शेगडी मग नवी घेऊ नका. जुनीच द्या." तिथंच मला कळलं की पोरगी तयार आहे.

धनाजीला मात्र लागलं. 'मी काय केलं?' एवढंच त्यानं विचारलं. तू काहीच केलं नाहीस म्हणूनच, असं माझ्या तोंडावर आलं होतं, ते गिळलं. पिठाचा डबा गाडीवर बांधून तो गेला, महिनाभर माझ्याशी बोलला नाही.

आणि मास्तर. चाळीस वर्षांत मी ह्या माणसाला एक गोष्ट लपवता आलेली पाहिली नाही. संध्याकाळी फिरायला म्हणून जायचे, ते शेताकडं. आधी एक गादी नाहीशी झाली, मग मिक्सर. मग एक दिवस पिकअप दारावरून निघाली. दुसरा रस्ताच नाही शेताला. मास्तर पुढं ड्रायव्हरशेजारी, मान खाली घालून.

"अहो, ताडपत्रीखाली काय आहे?"

"खताच्या गोण्या."

खताच्या गोण्यांना दार आणि मूठ असते हे मला त्या दिवशी कळलं.

शेतातली लाइट आली तर आली. फ्रीज निम्मा वेळ बंदच; मुंग्या लागू नयेत म्हणून मोनिका त्यात डाळी ठेवायला लागली. पण त्या सगळ्या शिवारात फ्रीज तो एकच. धुळाप्पा मेंढरांच्या औषधाची बाटली त्यात ठेवायला आणून देऊ लागला, आल्यागेल्यानं गार पाणी मागायला सुरुवात केली, आणि धनाजीचा धनाजीसाहेब झाला. आमच्या घरात तो मास्तरांचा भरतीत न लागलेला पोरगा होता, तिथं फ्रीजवाला. मोनिका सांगायची, हल्ली ड्यूटीवरून शीळ घालत येतात, मागं वांग्याची रोपं लावलीत. आता ह्याला काय म्हणावं? मी त्याला थोडक्यात भागवायला शिकावं म्हणून धाडलं, आणि हा खुशीत कशानं, तर शेजाऱ्यापेक्षा आपल्याकडं जास्त आहे म्हणून. ह्याच्यासाठी मी गावाची बोलणी खात होते.

तेवढ्यात धुळाप्पाची बायको नागूबाई दारात येऊन बसली. पायरीवरच, आत ये म्हटलं तर येईना.

"मास्तरीणबाय, तुमच्या त्या गार कपाटानं माझा नातू खाल्ला."

मी घाबरलेच. मग हळूहळू उलगडलं. शिवानंद म्हणतोय, आता तिसरं नको. आधी फ्रीज घ्यायचा, थोरलीला भूमच्या इंग्लिश शाळेच्या गाडीत बसवायचं. त्याच्या बायकोनं, शिवगंगानं, दवाखान्यात ऑपरेशनची तारीखसुद्धा विचारून ठेवलीय. नागूबाईचा सगळा जीव तिसऱ्यावर होता. "पालात पाच वाढवली म्या," ती म्हणाली. "पावसात, चिखलात. आन ह्यास्नी कोब्यावर दोन जड झाली व्हय?"

मी चहा टाकला. दुसरं काय करणार? मास्तर पेपर तोंडासमोर धरून बसले होते. पान काही उलटत नव्हते.

संक्रांत आठवड्यावर आलेली असताना एका दुपारी धनाजी आला. सोप्यात न बसता थेट चुलीपाशी येऊन पाटावर बसला, लहानपणी बसायचा तसा. मला वाटलं, थकला, आता परत घ्या म्हणणार. आणि खरं सांगते, म्हणाला असता तर मी घेतलंही असतं.

"आई, मोनिकाला दिवस गेलेत."

मी साखरेच्या डब्याला हात घातला.

"थांब. पुढचं ऐक आधी," तो म्हणाला. बाळंतपणाला ती लोहाऱ्याला जाईल आणि तिथून शेतातल्या खोलीवरच येईल. इथं नाही. आणि आण्णांनी, म्हणजे मास्तरांनी, ह्यापुढं काही पाठवायचं नाही. गादी नाही, गाडी नाही. मीही काही धाडायचं नाही.

"अरे, पण का?"

"माझ्या पोरानं माझ्या पगारात वाढावं. नाहीतर माझ्या वयाचं झाल्यावर तेही असंच बापाकडं बघत बसेल, आणि त्याचा पाळणा अडेल."

माझंच म्हणणं तो मला ऐकवत होता, आणि ते मला अजिबात गोड लागत नव्हतं. पाच वर्षं ज्याच्यासाठी नवस बोलले, गावात नाव घालवलं, ते लेकरू शेतात वाढणार आणि मी पाहुणीसारखी जाऊन बघून येणार?

"आणि डिंकाचे लाडू?" मी विचारलं.

तो विचारात पडला. "लाडू चालतील. एक डबा."

"दोन."

"एक, आई."

आवाज ठाम होता. पण बोटानं तो पाटाची कड घासत होता, घासतच होता. उठता उठता हळूच म्हणाला, "जमेल ना गं मला?"

मी म्हणाले, "जमतं." जास्त बोलले असते तर रडले असते, म्हणून साखर त्याच्या तोंडात कोंबली.

मास्तरांना सांगितलं तर ते तिथल्या तिथं बाळंतिणीची कॉट कुठल्या बाजूला लावायची ते ठरवायला लागले. मग अट सांगितली. म्हणाले, मी त्याचा बाप आहे. मी म्हणाले, म्हणूनच.

दुसऱ्या दिवशी मोनिकाचा फोन आला. काही नको, म्हणाली, पण गाभुळलेल्या चिंचा मिळतील का? चिंचा आमच्या परसातल्या झाडाच्या. त्यात कुणाचा पगार नाही. मी काठीनं झोडल्या, पिशवी भरली, हातपाय धुवून आले आणि निघाले.

धुळाप्पाच्या वस्तीपर्यंत पोचेतो खांदा भरून आला. एवढ्याशा चिंचा एवढ्या जड कशा? बांधावर बसून पिशवी उपसली. तळाशी सफरचंदं. प्रत्येकाला पांढऱ्या फोमची जाळी घातलेली, शेतावर लपवून नेण्याइतकी महाग. ह्या माणसाला आता काय करू? मोनिकाला द्यावीत तर धनाजीला शब्द दिलेला. परत न्यावीत तर मास्तर दोन दिवस जेवणार नाहीत.

मी एक जाळी सोलली आणि बांधावरच खायला लागले. गोड होतं, मेलं. शिवानंदची थोरली कुठूनशी बूट वाजवत आली आणि माझ्या तोंडाकडं बघत उभी राहिली. तिच्या हातात एक दिलं. तिनं ते दोन्ही हातांनी धरलं आणि सालीसकट चावलं.

मागून शिवगंगा आली, धाकटी कडेवर. "काकू, असली सवय लावू नका तिला. उद्या रडून मागितलं तर आमी कुठनं आणायचं?"

"अगं, तू हे आमच्या मास्तरांना सांग," मी म्हणाले. "माझं कुणी ऐकत नाही."

पोरीनं तोवर निम्मं संपवलं होतं. उरलेली सफरचंदं शिवगंगाच्या ओट्यावर ठेवली. ती नको नको म्हणत राहिली. मी चिंचा उचलल्या आणि खोलीकडं चालू लागले. दारात मोनिका उभी होती. माझ्याकडं नाही, पिशवीकडं बघत होती.