दगडाचं अर्धं तिकीट

"आजी, तुम्ही उठलात की आम्ही दगड उचलतो. एवढंच काम आहे," केतन म्हणाला.

"मी उठले की, ना?" असं म्हणून सुगंधाबाई दगडाला पाठ टेकून आणखी ऐसपैस बसल्या.

केतन बिल्डरचा माणूस. त्याच्यामागे जेसीबी घरघरत होता आणि जेसीबीमागे घाटकोपरच्या टेकडीवरची आमची अख्खी गल्ली उभी होती. खोल्या पाडून इमारत बांधायच्या करारावर आम्ही सगळ्यांनी सह्या केल्या होत्या. त्याबद्दल तक्रार नाही. संडास घरात कोणाला नको असतो? भांडण होतं ते फक्त चव्हाट्याचं.

चव्हाटा म्हणजे तीन गल्ल्या मिळतात तिथला हा काळा दगड. कोकणात गावोगाव असतो. इथला सुगंधाबाईंच्या नवऱ्याने, धोंडूने, गावाहून आणला. इकडचं जग आणि पलीकडचं जग या जागी एकमेकांना खेटून आहेत, अशी आमची समजूत. पुरावा नाही. पण आमच्या खोल्या जशा खेटून आहेत, ते पाहता दोन जगांनाही ते जमत असावं.

नियम सोपे. गेलेल्या माणसाची गोष्ट इथे बसून सांगायची. ऐकणाऱ्याने 'व्हय म्हाराजा' म्हणत हुंकार द्यायचा. ज्याला ते जमत नाही त्याने निदान 'मग?' तरी विचारायचं. गोष्ट सुरू झाली की ते माणूस येऊन बसतं. संपली की समाधानाने वाटेला लागतं, परत येत नाही. आणि ज्याने हुंकार दिला तो गोष्टीला बांधला गेला. ती संपेपर्यंत त्याने दगडाला धक्का लावायचा नाही.

सुगंधाबाई दिवसा पोळीभाजी केंद्रात पोळ्या लाटत आणि संध्याकाळी इथे लोकांची माणसं वाटेला लावत. शेजारच्या पर्पेच्युआच्या नवऱ्याला, अल्फान्सोलाही त्यांनीच पोहोचवलं. पलीकडे धर्माचा दाखला मागत नाहीत. धोंडूची गोष्ट मात्र त्यांनी कधीच सांगितली नव्हती. सुरू केली असती तर संपवावी लागली असती.

"आजी, फेकून थोडीच देतोय?" केतन समजुतीने म्हणाला. "सातव्या मजल्यावर, जिमच्या बाजूला, झकास मार्बलचं देवालय होणार. ब्रोशरमध्ये छापलंय, 'स्पिरिच्युअल झोन'."

"आणि आमच्या माणसांना गेटवर आत कोण सोडणार रे? नाव काय, फ्लॅट कुठला, कोणाकडे आलात?"

"चल रे रतन, घे पुढे," केतनने ऑपरेटरला हात केला.

जेसीबीची बकेट वर गेली. सुगंधाबाईंनी डोळे मिटले. आम्हाला वाटलं, घाबरल्या. पण जे नाव जन्मात उखाण्याशिवाय घेतलं नव्हतं, ते त्यांनी खणखणीत आवाजात घेतलं.

"आमचो धोंडू ह्यो फातर घेवन येष्टीत चडलो, म्हाराजा!"

"व्हय म्हाराजा!"

आवाज जेसीबीतून आला होता. रतनने जीभ चावली. लहानपणापासून गावच्या देवळात गाऱ्हाण्याला जबाब देऊन सवयीचं झालेलं तोंड. त्या तोंडाने मालकाला विचारलंच नाही.

"खंयचो रे तू, झिला?" सुगंधाबाईंनी डोळे उघडले.

"पिंगुळीचो," रतन ओशाळून म्हणाला.

"मगे? हुंकार दिलंस मा?"

रतनने मशीन बंद केलं, खाली उतरला, चपला काढल्या आणि मांडी घालून बसला.

"अरे यार, काय करतोस? वाट लागेल माझी!"

"साहेब, गोष्ट अर्धी आहे. अर्ध्या गोष्टीवर बकेट मारू? आई घरात घेईल काय मला?"

गोष्ट पुढे निघाली. कंडक्टर म्हणाला, दगडाने सीट अडवलीय, अर्धं तिकीट पडेल. धोंडू म्हणाला, पूर्ण फाडा, तो माझ्याहून वयाने मोठा आहे. त्यावर वाद झाला, अर्धी बस दगडाच्या बाजूने उभी राहिली. मग गिरणी, मग गिरणी बंद, मग मुलुंडच्या एका टॉवरवर वॉचमनची नोकरी. दुसऱ्यांच्या गाड्यांना सलाम ठोकण्यात उरलेलं आयुष्य. प्रत्येक वाक्याला रतनचा हुंकार सगळ्यात मोठा.

"आणि गेले त्या दिवशी सकाळी ड्युटीवर निघाले. एक बूट पायात घातला, दुसरा हातात घेतला, आणि मला म्हणाले..."

सुगंधाबाई थांबल्या. दगडापाशी थोडं सरकून त्यांनी शेजारी जागा करून दिली. तिथे आम्हाला कोणी दिसलं नाही. सुगंधाबाई मात्र तिकडेच बघत राहिल्या.

केतनच्या कानाला फोन होता. तो त्याने खाली घेतला.

"मग?"

सगळी गल्ली त्याच्याकडे वळली. पर्पेच्युआने क्रूसाची खूण केली. "गेला. हा पण बांधला गेला."

"मग काय? पुढचं उद्या," सुगंधाबाई म्हणाल्या.

"उद्या? आजी, मी दुसरा ऑपरेटर आणेन!"

"आण. त्यालाही बसव. गोष्ट मोठी आहे."

पर्पेच्युआ त्यांच्याजवळ वाकली. "सुगंधा, अर्धी नको गं ठेवू. अडकेल ना धोंडू मधेच."

"अडकू दे." सुगंधाबाईंनी दगडावरून हात फिरवला, आम्ही उगाच आकाशाकडे पाहिलं. "जन्मभर लोकांच्या गेटवर उभा राहिला. आता थोडा आपल्या राहील."

लोक पांगले. जेसीबी बकेट जमिनीला टेकवून तिथेच राहिला. सुगंधाबाईंनी घरातून धोंडूचं स्टूल आणून दगडाजवळ मांडलं. पुन्हा आत जाऊन एक काळा बूट आणला, त्या सकाळी घालायचा राहिलेला. पदराने पुसला आणि स्टुलाखाली ठेवला, तोंड जेसीबीकडे करून.