मोमिरचं खुर्चीतलं मरण

मोमिर स्टानिच सिनेमात एकोणचाळीस वेळा मेला. पहिल्या सिनेमात पुलाखाली मेला, दुसऱ्यात पुलावर, तिसऱ्यात पुलासकट. तेव्हा युगोस्लाव्हिया नावाचा देश होता आणि तिथे दरवर्षी पडद्यावर महायुद्ध नव्याने जिंकलं जायचं. जिंकायला शत्रू लागतो. मोमिरचे केस पिवळे, डोळे निळे. म्हणून जन्मभर तो जर्मन शिपाई. वीस वर्षांत वाट्याला चार वाक्यं आली, त्यातली दोन म्हणजे नुसत्या किंकाळ्या. एकदा पोस्टरवर त्याचे बूट आले होते.

पुढे तो देशही मेला. मोमिर बायकोला घेऊन कॅनडात आला आणि वॉन नावाच्या गावातल्या एका वेअरहाऊसमध्ये खोकी उचलू लागला. आता ब्याण्णवाव्या वर्षी दोघं तिथल्याच वृद्धाश्रमात तळमजल्यावर राहतात. समोरासमोर दारं, मधे पाच पावलं.

बायको झोरा. ती सिनेमात रंगभूषा करायची; मोमिरचं सगळं रक्त तिच्या हातचं. आता तिला काही आठवत नाही. नवरा शेजारी बसला की विचारते, "हे गृहस्थ कोण?" पण तोच छाती धरून, गिरकी घेऊन खाली कोसळला, की तिच्या चेहऱ्यावर ऊन पडतं. "मोमिर," ती म्हणते. म्हणून मोमिर रोज चहाच्या वेळी मरतो.

वृद्धाश्रमाला कलेचं वावडं नव्हतं. मंगळवारी बिंगो असायचा. पण जमिनीवर पडलेला म्हातारा म्हणजे फॉल, आणि फॉल म्हणजे रिपोर्ट. तीन रिपोर्ट झाले की रवानगी तिसऱ्या मजल्यावर, जिथलं दार कोडशिवाय उघडत नाही. रोज पडूनही मोमिरचे दोनच झाले होते, कारण चहाची ड्यूटी धम्मप्रियाची. नागपूरची ही केअरगिव्हर नेमकी त्या घटकेला खिडकीतून बर्फ बघायची.

"आज चहाला मी स्वतः बसणार आहे," सुपरवायझर सुरुची म्हणाली. जन्म ठाण्याचा, शिस्त इथली. "ते पडले की मी फाइल करणार. पॉलिसी इज पॉलिसी."

"ताई, ते पडत नाहीत. मरतात."

"मरण्याचा फॉर्म वेगळा आहे."

धम्मप्रिया मोमिरकडे गेली. "आजोबा, आज मरू नका."

"मग ती मला ओळखणार कशी?"

"एक दिवस नाही ओळखलं तर चालेल."

"तुला चालेल."

धम्मप्रियाने फोनवर पॉलिसी काढली आणि वृद्धाश्रमात आजवर कुणीच न केलेली गोष्ट केली: ती वाचली. "हे बघा, अंग जमिनीला टेकलं तरच फॉल. तुम्ही खुर्चीत मरा."

मोमिरला ते लागलं. "खुर्चीत कर्नल मरतात. मी शिपाई आहे."

"ब्याण्णवाव्या वर्षी प्रमोशन मिळतंय, घ्या."

चहा आला, टोस्ट आले, सुरुची टॅबलेट उघडून बसली. मोमिरने कप खाली ठेवला. छातीवर हात नेला. गिरकी नाही, किंकाळी नाही. संध्याकाळी माळावरून ऊन सरकावं तशी त्याची मान हळूहळू छातीवर आली. शिपायाला एवढा वेळ कुणी दिला नसता.

झोरा बघत राहिली. धम्मप्रियाच्या हातातली किटली जड झाली. मोमिरची एक पापणी किंचित थरथरली.

मग झोरा वॉकर धरून उठली. टोस्टजवळच्या स्ट्रॉबेरी जॅममध्ये बोट बुडवलं आणि त्याच्या कपाळावर टेकवलं.

"रक्ताशिवाय कोण मरतं?" ती करवादली. "हलू नकोस, मोमिर."

सुरुची ताडकन उठली. "हेड इंज्युरी?"

"जॅम आहे, ताई."

सुरुचीने बोट लावून वास घेतला. टॅबलेटवर बराच वेळ शोधलं. "ह्याला फूड स्पिल म्हणतात."

"असे किती झाले की वर पाठवतात?"

"स्पिलला लिमिट नाही," सुरुची नाइलाजाने म्हणाली आणि तसं लिहिलं.

जॅमचा ओघळ भुवईकडे निघाला. झोराने करंगळीने तो डोळ्याच्या कडेने अलगद गालावर वळवला, मागे सरून पाहिलं, पुन्हा जवळ आली. तिचा श्वास त्याच्या पापण्यांवर येत होता. मोमिर हलला नाही. इतक्या मरणांत इतक्या जवळून त्याला कुठल्याच कॅमेऱ्याने पाहिलं नव्हतं.