दोरीला हात लावणाऱ्यांचा वाटा

मित्रांनो, आता माझ्या पोटात उंदरांची बाळंतपणं होतात आणि येणारे-जाणारे मला जुनेराचा ढीग समजतात. समजू देत बापडे. मी मालवण किनाऱ्यावरची म्हातारी रापण आहे. रापण म्हणजे लांबलचक जाळं. होडीतून मला समुद्रात गोल सोडायचं आणि माझ्या दोन्ही टोकांचे दोर वाळूत उभं राहून अख्ख्या वाडीनं ओढायचे.

माझे तुकडे घरोघरी विणले गेले, मग ते जोडून मी झाले. त्यातला सगळ्यात वेडावाकडा तुकडा आमच्या तांडेलाच्या, म्हणजे रापणीच्या म्होरक्याच्या, विठोबाच्या हातचा. हे त्याला कुणी सांगितलं नाही, मीही नाही.

आमच्यात रीत एकच. ज्याचा हात दोरीला, त्याला मासळीचा वाटा. हात दणकट आहे की थरथरतो, ते कुणी बघायचं नाही. शेवंतीकाकी विधवा, डोळ्यांनी अधू, मागेपुढे कुणी नाही. ती दोर कसली ओढणार, दोरच तिला ओढायचा. तरी तिच्या टोपलीत बांगडे पडत, त्यावर तिची चूल पेटे, आणि वर ती तरुणांनाच दटावी, "वढा रे नीट, जेवलात नाय काय?"

ऐंशी साल उलटलं आणि गावात नव्या गोष्टी आल्या. पक्का रस्ता आला, बर्फाचा कारखाना आला. विठोबाचा लेक हरिश्चंद्र सरकारी योजनेतून ट्रॉलर घेऊन आला. बापाला म्हणाला, "बाबा, तेच बांगडे सगळ्यांत वाटून आपलो संसार कसो सुधारतलो?" त्याचं चुकलं असं मी म्हणणार नाही. त्याची पोरं बूट घालून शाळेत निघाली तेव्हा मलाही बरं वाटलं. पण ट्रॉलर किनाऱ्याकडे येणारी मासळी आधीच खरवडून नेई, आणि त्याला माणसं लागत मोजकी, धट्टीकट्टी. तिथे शेवंतीकाकीच्या हाताला जागा कुठली?

त्याच सुमाराला समाजकल्याणाचे एक साहेब वाडीत आले. निराधार बायकांना मदत मिळणार होती. त्यांनी काकीची चौकशी केली, तर विठोबाला ते झोंबलं.

"साहेब, आमच्या रापणीत निराधार कोण नाय," तो म्हणाला. "हिचा वाटा ठरलेला आहे."

काकीनंही मान ताठ केली. साहेब हात जोडून पुढच्या वाडीला गेले. अभिमानानं माझा ऊर भरून आला होता. आता स्वतःचाच राग येतो.

पुढच्या हंगामात मी रिकामी येऊ लागले. कधी नुसतं शेवाळ, कधी ओंजळभर तारल्या, ती बारीक स्वस्त मासळी. माणसं एकेक करून ट्रॉलरवर नाहीतर गोव्याला कामाला गेली. शेवंतीकाकी मात्र रोज यायची, ओला दोर धरून उभी राहायची आणि रिकामी टोपली घेऊन परतायची. शेजारणी पेज देत, पण ती घेताना तिची मान खाली जाई. मी काय करणार, मित्रांनो? समुद्रात मासाच नसेल तर जाळ्यानं आणायचा कुठून?

अखेर विठोबा अभिमान गिळून ओरोसला, साहेबांच्या कचेरीत गेला. साहेब भला माणूस, त्यांनी मदत मंजूर करून दिली. विठोबा तसाच किनाऱ्यावर आला. काकी माझ्याशेजारी बसली होती.

"काकी गो, आतापासून रापण घालूची नाय," तो म्हणाला. "पण तू भिया नको. तुका सरकारातसून मदत गावतली."

"थंय माका कसली दोरी वढूची लागतली रे?"

"कसलीच नाय. घराक बसान गावतली."

काकीनं रिकामी टोपली जवळ ओढली. मग म्हणाली, "मगे तो वाटो माझो कसो?"

विठोबा माझे ओले दोर गुंडाळू लागला. 

मित्रांनो, भुकेल्याला आधी जेवण द्या, त्यात मानापमान नको. पण गावात नवं काही आणाल, तेव्हा अधू हाताला धरता येईल असं एक टोक त्यात ठेवा. शेवंतीकाकीची चूल आता पेटते. ती किनाऱ्यावर मात्र येत नाही, कारण तिला कुणी बोलावत नाही.