आतला नंबर

ताईला कामावरून घरी आल्यावर कामाबद्दलच बोलायची खोड होती. भावोजींना ते ऐकायची हौस होती, आणि त्या दोघांचं जेवताना चाललेलं हे कौतुक बघून मला वैताग यायचा. मी त्यांच्याकडेच राहत होते, त्यामुळे सुटका नव्हती.

आम्ही दोघी बहिणी एकाच कंपनीत. दुकानदारांना, कारागिरांना कार्डाने पैसे घ्यायची मशिनं पुरवायची आणि बिघडली की दुरुस्त करून द्यायची, हा कंपनीचा धंदा. मी खाली दुरुस्ती विभागात आलेल्या-गेलेल्या मशिनांचा हिशेब ठेवायची. ताई वरच्या मजल्यावर, सिमच्या टेबलावर. या मशिनांतलं सिम मोबाइलसारखं काढता-घालता येत नाही. नखाएवढी चिप असते, आतल्या बोर्डावर कायमची सोल्डर केलेली. तिला स्वतःचा नंबर असतो. मशीन सुरू झालं की आधी ते हा नंबर सांगून कंपनीकडे हजेरी लावतं, आणि आपण कुठल्या टॉवरखाली आहोत तेही कळवतं. पैसे घ्यायचं काम त्यानंतर.

"म्हणजे मी कुठे कुठे हिंडतो ते तुला बसल्या जागी कळतं," भावोजी म्हणाले होते. "लग्न ठरवताना हे कुणी सांगितलं नाही."

"तुमच्यावर पाळत ठेवायला मशीन कशाला?" ताई म्हणाली. "बुटांचा चिखल बघितला तरी कळतं."

भावोजी जनरेटर दुरुस्त करायचे. खाणी, कोंबड्यांची शेडं, गावाबाहेरचे कारखाने, जिथे वीज टिकत नाही अशा सगळ्या जागा त्यांच्या. मोटरसायकलला हत्यारांची पेटी बांधून निघायचे, काम लांबलं तर तिथेच मुक्काम करायचे, आणि काम झालं की खिशातून आमच्याच कंपनीचं मशीन काढून पुढे करायचे. ते मशीन त्यांना ताईनेच मिळवून दिलं होतं. त्याचा त्यांना अभिमान होता, आणि निष्काळजीपणा त्याहून जास्त. एकदा त्यांनी ते डिझेलच्या बादलीत पाडलं.

ते मशीन माझ्याकडे आलं आणि मी ते मामांकडे दिलं. मामा म्हणजे आमच्या विभागातले सर्वांत जुने कारागीर. भाचे किती होते देव जाणे, पण सगळी कंपनी त्यांना मामा म्हणायची. त्यांनी मशीन उघडलं, वास घेतला आणि मान हलवली. बोर्ड गेला होता. नवा बोर्ड हवा तर वरून मंजुरी आणायची, आणि मंजुरी म्हणजे आमच्याकडे लग्नाच्या बोलण्यांसारखी, आज-उद्या करत कुठवर लांबेल सांगता येत नाही.

"जावईबापूंना धंदा आहे," मामा म्हणाले. "थांबवून कसं चालेल?"

बंद पडलेल्या एका दुकानातून आलेलं मशीन त्यांच्या पुढ्यात होतं. खोकं फुटलेलं, बोर्ड चांगला. मामांनी तो चांगला बोर्ड काढून भावोजींच्या मशीनच्या खोक्यात बसवला. भावोजींचा मेलेला बोर्ड गेला फुटक्या खोक्यात, आणि ते भंगाराच्या पोत्यात. असं आमच्याकडे सर्रास चालायचं. नियम असा की खोकं बदललं तर आतल्या चिपचा नंबर वाचून कंप्युटरात नव्याने भरायचा. पण चिपवरचे आकडे मुंगीएवढे, आणि खोक्याच्या पाठीला मूळ चिपच्या नंबराची छापील पट्टी चिकटवलेली असायचीच. तिच्यावर स्कॅनरचा लाल उजेड धरला की काम झालं. मामांनी दोन्ही खोक्यांच्या पट्ट्यांवर उजेड धरला. मशीन बाहेरून भावोजींचं, आतून दुसऱ्याचंच, आणि कंप्युटरच्या लेखी सगळं जिथल्या तिथे.

पैसे घ्यायला त्याने काही अडलं नाही. पैसे जमा होतात ते मशीनमध्ये भरलेल्या दुकानदाराच्या खात्यावर, सिमच्या नंबरावर नाही. भावोजी खूश. मामांना त्यांनी एक चांगला पेचकस आणून दिला. घरच्या माणसाचं काम घरच्यासारखं झालं, असं आम्ही सगळेच म्हणालो.

भंगाराची नोंद आमच्याकडे पोती भरली की एकदम होते. ती एका संध्याकाळी झाली. नोंद झाली की ती मशिनं ताईच्या यादीत येतात, आणि त्यांतलं एखादं बोलायला लागलं तर तिच्या पडद्यावर तांबडी ओळ उमटते. मेलेलं मशीन बोलतंय म्हणजे कुणीतरी ते पळवलंय, असा साधा हिशेब. ताईने ते सिम बंद करायचं.

दुसऱ्या दिवशी दुपारी आम्ही दोघी डबा खात होतो. आदल्या दिवशी भावोजी खाणीवर गेले होते आणि रात्री परतले नव्हते. त्यात काही विशेष नव्हतं. खाणीत मोबाइलला धड रेंज नसायची.

"आज आल्या आल्या एक भंगार बोलायला लागलेलं," ताई म्हणाली. "सारखं चालू-बंद, चालू-बंद. रात्रभर तेच चाललेलं दिसत होतं."

"भुताटकी असेल," मी म्हटलं.

"कसली भुताटकी. चोर असेल नवशिका. मशीन चालतंय का बघत बसला असेल. दिलं बंद करून."

मला हसू आलं. तिलाही आलं. मी तिच्या डब्यातली भाजी उचलली आणि तिने माझ्या हातावर चापट मारली. तिच्याबरोबरचं ते शेवटचं धड जेवण.

डबे धुवायच्या आत खाणीच्या मुकादमाचा फोन आला. मिस्त्री सकाळी गावातून जनरेटरचा भाग घेऊन येणार होते, अजून आले नाहीत, काम खोळंबलंय. ताईने विचारलं, म्हणजे काल रात्री ते तुमच्याकडे नव्हते? मुकादम म्हणाला, छे, काल दिवस मावळायच्या आत निघाले की. भागाचे पैसे कार्डानेच घेऊन गेले.

ताईने फोन ठेवला आणि शांतपणे डब्याचं झाकण लावलं. ते नीट लागेना. मी तिच्या हातातून डबा घेतला.

पोलिसांनी भावोजींच्या मोबाइलचा माग काढला. मोबाइल खाणीच्या टॉवरखालीच गप्प झाला होता, त्यापुढे काही नाही. तिथून गावाकडे यायला मोठा रस्ता आहे, तेव्हा त्यांनी मोठा रस्ता धुंडाळायला घेतला. जमादार फोनवर बोलायला बरा होता. पण मिस्त्री पितात का, घरात भांडण झालं होतं का, हे त्याने विचारलंच. ताईने दोन्हीला नाही म्हणून सांगितलं. फोनवर मी असते तर त्याला चार शब्द सुनावले असते.

"त्यांच्याजवळ मशीन आहे ना," मी म्हटलं. "ते बघ."

ती आधीच बघत होती. भावोजींच्या नावावरच्या मशीनची ओळ तिने काढली. सिम शेवटचं बोललं ते डिझेलच्या बादलीच्या दिवशी. त्यानंतर काहीच नाही.

"असं कसं होईल?" ती म्हणाली. "काल खाणीवर पैसे घेतलेत त्यांनी. मुकादम खोटं कशाला बोलेल?" तिने तीच ओळ पुन्हा काढली. पुन्हा तेच. मग ती माझ्याकडे वळली. "मशीन न बोलता पैसे कसे घेईल गं?"

ती वरच्या मजल्यावरची. तिला नंबर माहीत, खोकी माहीत नाहीत. मला माहीत होती. मी तशीच जिना उतरले.

मामा चहा पीत होते. मी विचारलं, भावोजींचा जुना बोर्ड कुठाय? त्यांनी कप खाली ठेवला. त्यांना पूर्ण सांगावं लागलं नाही. भंगाराची पोती न्यायला गाडी यायची होती म्हणून दारातच रचली होती. मामांनी एका पोत्याची शिवण दाताने तोडली, पोतं जमिनीवर पालथं केलं आणि त्या ढिगात गुडघे टेकून बसले. फुटकं खोकं सापडल्यावर स्क्रू मी सोडवले. भिंगाखाली चिप धरून त्यांनी आकडे वाचले, मी जुळवले. आतला नंबर भावोजींच्या मशीनचा, खोक्यावरची पट्टी दुसऱ्याची.

आम्ही दोघं ते उघडं मशीन घेऊन वर गेलो.

"म्हणजे त्यांच्या खिशातलं मशीन या पट्टीच्या नंबराने बोलतंय," मी ताईला म्हटलं. "हा नंबर शोध. लगेच सापडतील बघ."

मामांनी पट्टीवरचा नंबर वाचायला सुरुवात केली. ताईने कीबोर्डला हातही लावला नाही. मामा मध्येच थांबले, तेव्हा उरलेले आकडे तिनेच म्हटले.

"हा मी सकाळी बंद केला," ती म्हणाली.

मामा पुटपुटायला लागले, माझं चुकलं, पोरी, माझं चुकलं. मला त्यांची कीव आली नाही. तेव्हा कुणाचीच आली नसती. ताईने त्यांच्याकडे बघितलंसुद्धा नाही. तिने सिम पुन्हा चालू केलं आणि पडद्याकडे बघत राहिली. काही उमटलं नाही. मग तिने सकाळची ती तांबडी ओळ काढली आणि टॉवर बघितला. तो मोठ्या रस्त्यावरचा नव्हता. टेकडीपलीकडच्या जुन्या रस्त्यावरचा होता.

ताईने कळवल्यावर जमादाराने गाडी वळवली. आम्हाला साहेबांनी कंपनीची गाडी दिली. जुना रस्ता म्हणजे नुसती धूळ. समोरून खाणीचे ट्रक एकामागोमाग येत होते, आणि दर वेळी आमचा ड्रायव्हर शिव्या देत गाडी कडेला घ्यायचा. ताई खिडकीला नाक लावून खाली बघत होती. एका मोरीपाशी कठड्याचा दगड ताजा निखळलेला दिसला, आणि गाडी थांबायच्या आत तिने दार उघडलं.

खाली काटेरी झुडपांत मोटरसायकल पडली होती. तिच्या सावलीत डोकं ठेवून भावोजी पडले होते. जिवंत होते. मांडीचं हाड मोडलं होतं, ओठ फुटले होते, मोबाइलचा चुरा झाला होता. मशीन त्यांनी शर्टाच्या आत, पोटाशी धरलं होतं. बॅटरी संपलेली. त्यांच्यापासून वर रस्त्याकडे चढावर माती ओरबाडल्याची एक लांब खूण गेली होती, पार कठड्याच्या जवळपर्यंत. मला वाटलं, घसरत खाली आले तीच खूण असेल.

दवाखान्यात डॉक्टरने मला बाहेर बोलावलं. पोटात रक्तस्राव होतोय, म्हणाला. आधी आणलं असतं तर करता आलं असतं. आधी म्हणजे केव्हा, मी विचारलं. सकाळी, तो म्हणाला. सकाळी आणलं असतं तरी. मी त्याला म्हटलं, हे माझ्या बहिणीला सांगू नका. त्याने मान डोलावली.

मी आत गेले तेव्हा भावोजी बोलत होते. आवाज पार खोल गेला होता, पण चेहरा समाधानी होता. ते समाधान बघून मला बरं वाटलं. किती मूर्ख होते मी.

"नुसतं चालू ठेवलं असतं तर तुला वाटलं असतं, नेहमीसारखंच चालू आहे," ते ताईला सांगत होते. "म्हणून चालू करायचो, बंद करायचो. म्हटलं, हिला खटकेल. हिच्या नजरेतून काही सुटत नाही."

"खटकलं," ताई म्हणाली.

"रात्रभर केलं. पहाटे वाटलं, काही उपयोग नाही. मग सरकायला लागलो. ट्रकचे आवाज येत होते ना वरून. बराच वर गेलो होतो. हात वर केला असता तर कुणाला तरी दिसला असता." ते थांबले. ताईने त्यांच्या ओठांना ओला कापूस लावला. "तेवढ्यात मशीनवर आलं, तुमचं सिम कंपनीने बंद केलंय. काय सांगू तुला. जिवात जीव आला. म्हटलं, बघितलं हिने. आता ही येतेय."

ताईने कापूस पुन्हा पाण्यात बुडवला. मला बाहेर पळून जावंसं वाटलं.

"मग उगाच वर कशाला जायचं?" भावोजी म्हणाले. "तू मोटरसायकल शोधशील, आणि मी भलतीकडेच. म्हणून परत खाली आलो. सावलीत पडून राहिलो." त्यांना दम लागला. "उशीर झाला तुला. रस्ता खराब आहे, मला माहीत होतं. मी घाबरलो नाही."

"बरं केलंत," ताई म्हणाली.

"तूच बंद केलंस ना ते? दुसरं कुणी नव्हतं ना टेबलावर?"

"नाही," ताई म्हणाली. "मीच होते."

ते हसले आणि त्यांनी डोळे मिटले. ताईने त्यांचा हात दोन्ही हातांत घेतला. पुन्हा ते काही बोलले नाहीत. नर्सने येऊन नळ्या काढल्या, चादर वर ओढली, तरी ताईने हात सोडला नाही, आणि शेवटी तिची बोटं मला एकेक करून सोडवावी लागली.